फ्लॅटमेटचं लग्न

परदेशात, अल्बनी नावाच्या उपनगरात आम्ही दोघं काही वर्षं एका घरात राहिलो. तो चीनमधल्या एका लहान शहरातून शिकायला आलेला आणि पुढे तिथंच नोकरीला लागलेला, मी पुण्याहून नोकरीसाठी. माझ्या आईच्या लेखी तो माझा फ्लॅटमेट, त्याच्या आईच्या लेखी मी त्याचा. कुणाच्या घरचा व्हिडिओ कॉल आला की दुसऱ्या खोलीतली गादी विस्कटून ठेवायचो, म्हणजे तिथं कुणी झोपतं असं वाटावं.

त्याला एचआयव्हीची भीती होती. मी भेटण्याआधी, एकटा असताना, तो अनोळखी पुरुषांकडे गेला होता. साधी सर्दी झाली तरी आरशासमोर मान दाबून गाठी शोधायचा. तपासणीचं नाव काढलं की विषय बदलायचा. पण रेसिडेन्सीच्या, म्हणजे तिथं कायम राहण्याच्या परवानगीच्या, मेडिकलमध्ये रक्त तपासणारच होते. त्याआधी आपल्याला कळलेलं बरं, म्हणून २०१४च्या हिवाळ्यात आम्ही दोघं सिटीतल्या एका क्लिनिकमध्ये गेलो.

माझा रिपोर्ट चांगला आला. त्याचा नाही.

"रोज गोळ्या घेतल्यास की चांगला म्हातारा होशील," नर्स म्हणाली. तो मान हलवत राहिला.

परतताना बसमध्ये मी विचारलं, "आईला काय सांगणार?"

"कॅन्सर असता तर सांगितलं असतं. तिला शेजाऱ्यांसमोर रडता तरी आलं असतं."

त्या दिवसापासून तो दुसऱ्या खोलीत झोपू लागला. स्वतःची भांडी वेगळी धुवायचा. असं काही पसरत नाही म्हटलं की "माहीत आहे" म्हणायचा आणि वेगळीच धुवायचा. एकदा मी मुद्दाम त्याच्या ताटलीतलं डम्पलिंग उचलून खाल्लं. तो उठून बाथरूममध्ये गेला. बराच वेळ नळ वाहत होता.

रक्ताचा रिपोर्ट पाहून नाकारतील, म्हणून रेसिडेन्सीचा अर्ज त्यानं केलाच नाही. व्हिसा संपला तसा तो गेला. विमानतळावर त्याच्या ऑफिसचे लोक आले होते, म्हणून आम्ही नुसते हात मिळवले.

पुढे कधीतरी त्याच्या लग्नाचा फोटो आला. खाली लिहिलं होतं, 'हिला माझं सगळं माहीत आहे. हिचीही एक फ्लॅटमेट होती, ती आता आमच्याच बिल्डिंगमध्ये राहते. दोन्हीकडचे आईवडील खूश आहेत. गोळ्या चालू आहेत.'

मी व्हिडिओ कॉलवर आईला फोटो दाखवला.

"बघ, त्याचंसुद्धा झालं," ती म्हणाली. "तूच राहिलास."

"हो. जेवलीस का?"

मग तिनं मटकीची उसळ केल्याचं सांगितलं. मी ऐकत होतो.