सभासद क्रमांक एकशे चौदा

जेल रोडच्या कॉलन्यांमध्ये छायामावशी तीस वर्षं लुनावरून मासिकं वाटत फिरल्या. त्यांच्या वाचनालयाचा एकच कडक नियम होता: चिठ्ठी कसलीही असो, खाली सभासद क्रमांक हवा. ‘अंक वरणात पडला’ याच्याखाली क्रमांक. ‘आई झोपली आहे, बेल वाजवू नका’ याच्याखालीही क्रमांक.

त्यातल्या एका मासिकात ‘ताईला विचारा’ हे सदर असे. पाळी, पुळ्या, घाम, एकाएकी वाढलेली उंची, घरात ज्यावर कुणी तोंड उघडत नसे ते सगळं त्या दोन पानांत. कॉलनीतल्या आयांनी मावशींना गळ घातली, की ती पानं पिना मारून बंद करा आणि मगच अंक द्या. मावशींनी मुकाट्याने चार-चार पिना मारल्या. झालं इतकंच, की नेमकं कुठलं पान वाचायचं ते मुलींना शोधावं लागेना. नेलकटरने पिना निघत, वाचून झालं की नव्या लागत. अंक परत येई तेव्हा पानाच्या कडेची चाळण झालेली असे. आयाही पिना काढतात हे मावशींना कळे, कारण त्यांच्या पिना घाईत वाकड्या लागत.

उज्वला त्याच मुलींपैकी एक. आता तिची स्वतःची आरोही बारा वर्षांची होती आणि गॅदरिंगच्या नाचातून नाव काढून घ्यायला निघाली होती. वर्गात कुणीतरी तिच्या ओठावरच्या लवेला मिशी म्हटलं होतं. तीन दिवस ती घरातही मास्क लावून वावरत होती, जेवताना भिंतीकडे तोंड करून बसत होती. उज्वला समजवायला गेली, तर तू आई आहेस, तू चांगलंच म्हणणार, असं तिने ऐकवलं. सोमवारी बाईंना काय ते कळवायचं होतं. रविवारी उज्वला तिला ओढतच मावशींकडे घेऊन गेली. जुन्या अंकांत काही सापडलं तर पाहावं, एवढाच विचार.

मावशींनी फार न शोधता एक अंक काढून आरोहीच्या हातात दिला. पानाला एकही भोक नव्हतं. पत्र छापलं होतं:

‘मला मिशी येत आहे. आता दाढीही येईल का? बाबांचा दाढीचा ब्रश मी दप्तरात लपवून ठेवला आहे. – एक दुःखी मुलगी, स. क्र. ११४, नाशिकरोड.’

एकशे चौदा हा उज्वलाच्याच घरचा क्रमांक. नाव लपवलं, अक्षर तिरकं काढलं आणि सवयीने खाली क्रमांक टाकला. संपादकांनीही तो इमानाने छापला. सगळ्या कॉलनीने वाचलं असणार असं धरून ती महिनाभर पाण्याच्या टाकीमागून शाळेत गेली होती.

“तुझा नंबर कुणी नाही वाचला,” मावशी उज्वलाला म्हणाल्या. “अकरा अंक यायचे. दहांमधला नंबर मी ब्लेडने खरवडला. हा तुमच्या घरचा. याला पिना मारायचं काय कारण होतं?”

आरोही ताईचं उत्तर वाचत होती. लव सगळ्यांना असते, मलाही आहे, दाढी येणार नाही, ब्रश बाबांना परत द्या, ते शोधत असतील. तिने ते दोनदा वाचलं. मग मास्क हनुवटीवर आला.

“आई, ब्रश दिलास परत?”

“दिला. डब्यातल्या लसणाच्या चटणीसकट. आठवडाभर आजोबा दाढी करताना शिंकत होते.”

आरोही इतकी हसली, की मास्क कानावरून सुटून खाली पडला. तो तिने उचलला नाही.

अंक घरी न्यायचा तर चिठ्ठी हवी, असं मावशींनी बजावलं. आरोहीने लिहिलं, ‘उद्या नाचाच्या प्रॅक्टिसला सगळ्या मुलींना दाखवून परत करीन,’ आणि खाली ११४.

‘सगळ्या मुलींना’ हे उज्वलाने वाचलं. तिने हळूच मावशींकडे स्टेपलर मागितला.

मावशींनी तो लगेच दिला. आणि आरोहीला नेलकटर.