नानाची सव्वा मूठ

मी जळगावात तत्त्वज्ञान शिकवतो. हे वाक्य मेहरूणच्या रिक्षावाल्यांपासून सोयरिकी जमवणाऱ्या मावश्यांपर्यंत सगळ्यांसमोर म्हणून पाहिलं आहे, आणि सगळ्यांच्या चेहऱ्यावर एकच भाव उमटतो: बिचारा. एका रिक्षावाल्यानं मान मागे वळवून विचारलं होतं, "म्हणजे सर, हात बघता का?"

"बघतो," मी म्हटलं, "पण सांगत काही नाही."

"मग काय उपयोग?" तो म्हणाला, आणि त्यानं पुढे बघून गिअर टाकला.

पण वर्गात माझं राज्य. अस्तित्ववादाचा पहिला तास तर मी रंगभूमीवर आल्यासारखा घेतो. हजेरी पुकारतो, कोणी "हजर" म्हटलं की पुस्तक मिटतो आणि विचारतो, "कोण हजर आहे?" पोरं नाव सांगतात. नाव आईबापांनी ठेवलं. गाव सांगतात, जात सांगतात, बापाचा धंदा सांगतात. मी एकेक खोडत जातो. हे सगळं तुला मिळालेलं. ते वजा कर. आता कोण हजर आहे? एकदा असोद्याहून मोटरसायकलवर येणारा एक जण वैतागून म्हणाला, "सर, केळीला पाणी द्यायचं सोडून आलोय. आता मी आलोच नाही म्हणता काय?" वर्ग हसला, सर्वात जास्त मी हसलो, आणि मग आवाज खाली आणून म्हणालो, "पाणी सोडून इथं यायचं कोणी ठरवलं? तो हजर आहे."

पुढचं उदाहरण मी माझ्या थोरल्या भावाच्या दुकानातून उचललेलं होतं. नानाचं शिरपूरला मोटार वाइंडिंगचं दुकान. विहिरीवरच्या जळालेल्या मोटारी यायच्या, तो तांब्याची तार नव्यानं गुंडाळायचा. मी पोरांना सांगायचो: तारेचा पहिला वेढा पडायच्या आधीच ठरलेलं असतं की ही मोटार किती अश्वशक्तीची. माणसाचं तसं नाही. माणूस आधी असतो, आणि मग जगता जगता कोण ते ठरत जातं. ठरवणारा तोच. देवानं सांगितलं, बापानं सांगितलं, समाज असाच आहे, म्हणून केलं, असं जो म्हणतो तो स्वतःशी खोटं बोलतो, कारण ऐकायचं हेही त्यानंच ठरवलेलं असतं. या विचारातले काही जण देव मानणारे, काही न मानणारे. मानणारे म्हणतात, श्रद्धा म्हणजे खात्री नव्हे. खात्री असती तर श्रद्धा लागलीच नसती. न मानणारे म्हणतात, वर कोणी नाही, म्हणून सगळं तुझ्यावर. लपायला जागा दोघंही देत नाहीत.

काय बोलायचो मी! शेवटच्या बाकावरची पोरंसुद्धा मोबाईल खाली ठेवायची.

आणि दर श्रावणात हाच मी मुकाट्यानं बसमध्ये बसून शिरपूरजवळच्या आमच्या गावी कानबाईला जायचो. नागपंचमीनंतरच्या रविवारी खान्देशात घरोघर कानबाई बसते. नारळाला नथ घालतात, लुगडं नेसवतात, सोमवारी नदीवर नेऊन बोळवतात. तिचा रोट असतो. भाऊबंदकीतल्या प्रत्येक पुरुषानं स्वतःच्या हातानं सव्वा मूठ गहू काढायचे. त्या गव्हाच्या पिठाचं जे होईल ते घरच्यांनीच खायचं, बाहेर द्यायचं नाही. सुरतेला, पुण्याला असलेले पुरुष मूठ भरून फडक्यात बांधून पाठवतात. बायकांची मूठ मोजत नाहीत. आणि घरात कोणी गेलं, सुतक पडलं, तर त्या वर्षी कानबाई बसतच नाही.

पहिल्यांदा मी येणार नाही म्हणालो तेव्हा आक्कानं, म्हणजे आमच्या वडिलांच्या थोरल्या बहिणीनं, मला दारातच धरलं. "तुना देव नही, ठीक शे. पन मूठ तं शे ना? ती आन इकडे." यावर कुठल्याच विचारवंताकडे उत्तर नव्हतं. मी मूठ दिली, आणि दर वर्षी देत गेलो.

तीन वर्षांपूर्वी कानबाईच्या आधीच्या सोमवारी नाना दुकानात स्टुलावरून खाली पडला. मेंदूत रक्तस्राव. धुळ्याच्या एका दवाखान्यात नळ्या, यंत्रं, श्वासाचं मशीन. शुक्रवारी डॉक्टरांनी मला आणि वहिनींना आत बोलावलं. तरुण होते, चष्मा सारखा पुसत होते. मेंदू परत येणार नाही, ते म्हणाले. मशीन चालू राहील तोवर छाती हलत राहील. "घरी न्यायचं असेल तर फॉर्म आहे." फॉर्मवर छापलं होतं: आम्ही रुग्णास स्वतःच्या जबाबदारीवर घरी नेत आहोत. तशाही स्थितीत मला गंमत वाटली. वीस वर्षं मी जे ओरडून सांगत होतो ते या लोकांनी एका ओळीत छापून ठेवलं होतं, खाली सहीला जागा सोडून.

वहिनी धुळ्याच्याच, माहेर शहरातलं. माझ्याशी त्या कायम शुद्ध बोलत. नाना आणि त्यांना मूलबाळ नाही. त्या म्हणाल्या, "भाऊ, आमच्या घरात मूठ ती एकच. यंदा यांची मूठ गेली नाही तर आमचं घर मोजण्यातच नाही." मग म्हणाल्या, "तुम्ही उद्या त्यांच्या हातात गहू देऊन बघा. हात मिटला तर मी सही करणार नाही. नाही मिटला तर कानबाई झाल्यावर सोमवारी आपण त्यांना घरी नेऊ."

म्हणजे त्यांनी ठरवलं होतं. भावाला मशीनवर ठेवायचं की सोडायचं, ते एका मुठीवर. आणि ती मूठ बघणारा मी. त्यांना त्याच संध्याकाळी गावी जावं लागलं, थोरल्या सुनेशिवाय कानबाईचं काही हलत नाही.

शनिवारी सकाळी भेटीच्या वेळेला मी रुमालात गहू बांधून निघालो. दारातल्या सिस्टरनं रुमालावर बोट ठेवलं.

"काका, खायचं काही आत न्यायचं नाही."

"खायचं नाही सिस्टर, मोजायचं आहे."

तिनं रुमाल उघडून पाहिला, माझ्याकडे पाहिलं. "कानबाईचे?" माहेर तिचंही इकडचंच असणार. "पाच मिनिटं. आणि एक दाणा जरी मशीनखाली गेला ना, तर पुढच्या वर्षी तुमची मूठ मीच काढून ठेवीन."

आम्ही दोघं हसलो. त्या खोलीत आम्ही दोघंच हसू शकत होतो.

नानाचा उजवा हात चादरीवर उताणा होता. सुजलेला. एका बोटाला चिमटा लावलेला, त्याची तार मशीनला. बाकीच्या बोटांच्या टोकांना वार्निशचे काळे डाग तसेच. मोटारीच्या तारेला लावतात ते, आयुष्यभर निघत नाही. मी तळव्यावर गहू ओतले. "नाना, मूठ," मी म्हटलं. काही झालं नाही. मी वाट पाहिली. वर्गात मी शांतता वापरतो, ती कधी सोडायची ते मला कळतं. इथं ती माझ्या हातात नव्हती. "नाना, आक्का वाट पाहते." दाणे तळव्यावरून घसरून चादरीवर आले. मी ते वेचले, परत ठेवले, आणि माझ्या दोन्ही हातांनी त्याची बोटं एकेक करून मिटली. मी हात काढला की ती उघडायची. शेवटी मी ती धरूनच ठेवली आणि मुठीखाली रुमाल धरून गहू त्यात सोडले. वरची पाव मूठ माझ्याच चिमटीनं टाकली. सिस्टर दाराशी उभी होती. तिनं पाहिलं आणि दुसरीकडे वळली.

बाहेर जिन्यात मी फोन लावला. गावाकडून स्पीकरवर घेतलेला. मागं बायकांचा कलकलाट, भांडी. आक्काचा आवाज आधी, "बठ्ठासन्या मुठी उन्यात, नानानी तेवढी ऱ्हायनी. भरनी का?" सगळ्यांच्या मुठी आल्या होत्या, नानाचीच राहिली होती.

मी थांबलो. आता कबूल करायला हरकत नाही, त्या थांबण्यात थोडं नाटक होतं. इतक्या बायका श्वास धरून माझ्या पुढच्या शब्दाची वाट पाहत होत्या. मी म्हणालो, "भरली आक्का! सव्वा मूठ भरली!"

तिकडे एकदम हसणं, कोणी गाणं सुरू केलं. मग वहिनींनी फोन ओढून घेतला असावा. आवाज जवळ आला.

"भाऊ, त्यांनी मिटली?"

मी नाही म्हणू शकत होतो. मी "हो" म्हणालो.

का म्हणालो याची बरीच कारणं मी नंतर तयार केली. बायकांचा आनंद मोडवेना. सण आहे. दोन दिवसांचा प्रश्न आहे, सोमवारी सांगू. पण माझ्याच तासात कोणी असं म्हणालं असतं तर मी त्याला फळ्यासमोर उभं करून एकेक कारण पुसून टाकलं असतं. शेवटी एवढंच उरतं की मला आवडलं ते. मी काहीतरी चांगलं सांगावं आणि ते ऐकून लोकांनी हसावं.

रविवारी कानबाई बसली. नानाच्या मुठीचे गहू बाकीच्या गव्हात मिसळून दळले. मीही खाल्लं.

सोमवारी बोळवण झाल्यावर वहिनी थेट दवाखान्यात आल्या आणि डॉक्टरांना म्हणाल्या, "त्यांनी हात मिटला. भाऊंनी पाहिलं." डॉक्टरांनी माझ्याकडे पाहिलं. मी भिंतीकडे. "कधी कधी शरीर आपोआप तसं करतं," ते सावकाश म्हणाले, "त्याचा अर्थ जाग आली असा होत नाही." वहिनी म्हणाल्या, "आपोआप गहू धरतं का कोणी?" आणि फॉर्म टेबलावरून डॉक्टरांकडे परत सरकवला. त्या वेळी बोलायला हवं होतं. मी त्यांच्यासाठी चहा आणायला गेलो.

मग बारा दिवस. नानाच्या पाठीला जखमा पडल्या. कुशीवर वळवताना वास यायला लागला. ओठ मशीनच्या नळीनं फाटले. ताप चढायचा, उतरायचा. मूत्रपिंडं थांबली तेव्हा आणखी एक नळी. वहिनी दोन्ही वेळेला आत जायच्या, आपलं एक बोट त्याच्या तळव्यावर ठेवायच्या आणि म्हणायच्या, "मिटा." रोज. पहिले काही दिवस मऊ आवाजात. नंतर रागावून. एकदा मी दारातून ऐकलं: "भाऊंसाठी मिटली, माझ्यासाठी मिटता येत नाही?"

ते ऐकून मी बाहेर आलो. दवाखान्यासमोर चहाची टपरी, दुपारचे तीन, माणसं भजी खात उभी. वहिनी आल्यावर मी त्यांना बाकावर बसवलं आणि सांगितलं. सगळं. एकदा सुरुवात केली तशी मी सवयीनं सजवायला लागलो, सिस्टर अशी म्हणाली, मी असं म्हणालो. त्यांनी हात वर केला. मी थांबलो.

"एवढंच सांगा. हात मिटला की नाही?"

"नाही."

"मग आम्ही कोणाच्या मुठीचं खाल्लं?"

त्या रस्त्याकडे बघत बसल्या. टपरीवाला म्हणाला, "ताई, चहा गार झाला, दुसरा देऊ का?" त्या नको म्हणाल्या आणि उठल्या. मी मागून निघालो. जिन्यात म्हटलं, "वहिनी, सही मी करतो. माझ्यामुळे झालं. तुमच्यावर नको."

"तुम्ही नाही," त्या म्हणाल्या. "तुम्ही परत माझ्याऐवजी ठरवू नका."

त्यांनी डॉक्टरांना विचारलं, नळी काढल्यावर किती वेळ. गुदमरेल का. त्रास होऊ नये म्हणून काही देता का. घरापर्यंत जाईल की वाटेतच. डॉक्टरांनी एकेक उत्तर दिलं, चष्मा न पुसता. मग वहिनींनी फॉर्म वाचला, पूर्ण, बोट ओळीखालून फिरवत. नातं लिहायच्या जागी 'पत्नी' लिहिलं. खाली सही केली, आपलं नाव, आपल्या वडिलांचं नाव, आडनाव. मला नंतर बरेच दिवस ते आठवत राहिलं. नवऱ्याचं नाव त्यांनी सहीत घातलं नव्हतं. ते चुकून की ठरवून, मी कधी विचारलं नाही.

रुग्णवाहिकेच्या दारात त्यांनी मला अडवलं. "तुम्ही पुढं बसा, ड्रायव्हरजवळ. मागं मी आणि सिस्टर."

मी पुढं बसलो. धुळं मागं पडलं. दोन्ही बाजूंना कपाशी. ड्रायव्हर बोलका होता. तापीला पाणी किती आलंय ते सांगत होता. नेहमीचा मी असतो तर त्याच्याकडून शिरपूरपर्यंत चार किस्से काढून घेतले असते. मी हं हं करत राहिलो. कान मागच्या काचेला.

पूल ओलांडून थोडं पुढं गेल्यावर काचेवर टकटक झाली. ड्रायव्हरनं गाडी बाजूला घेतली. मी खाली उतरून मागचं दार उघडलं. सिस्टर चादर नीट करत होती. वहिनी बाजूच्या बाकावर ताठ बसल्या होत्या, हात मांडीवर.

"झालं," त्या म्हणाल्या. "आक्कांना मी सांगेन."

"वहिनी, मला माफ..."

"ते तुमचं तुम्ही बघा, भाऊ," त्या म्हणाल्या. आवाजात राग नव्हता. मला धरता येईल असा कुठलाच आधारही नव्हता त्यात. "दार लावा. उशीर होतो."

मी दार लावलं आणि पुढं जाऊन बसलो. ड्रायव्हरनं विचारलं, "आता घाई नाही ना सर?" मी म्हटलं, त्यांना विचारा.