श्वासाचं माप

मीना बाजारातल्या माझ्या शिलाईच्या दुकानात एक इंग्रज बाई गाऊन शिवून घ्यायला यायच्या. तरुणपणी लंडनला नाटक-सिरियलींत कामं केलेल्या, आणि नव्वद सालानंतर इथे दुबईत एका हॉटेलात रोज संध्याकाळी पियानो वाजवून गाणाऱ्या. रत्नागिरीत होतो तेव्हापासून मी शिंपीकामच करतोय, पण असं गिऱ्हाईक पाहिलं नव्हतं. मापाच्या टेपवर त्यांचा विश्वासच नाही! नवा गाऊन घालून बाहेर यायच्या, छाती भरून श्वास घ्यायच्या आणि भर दुकानात लांबलचक सूर लावायच्या. सूर अडला की काखेपाशी बोट ठेवून म्हणायच्या, "यल्ला, चल मास्टर, इथे उसव!"

एकदा त्या असतानाच पुण्याच्या एक ताई मुलीला घेऊन आल्या. शालूवरचा ब्लाउज मुलीने घालून दाखवला.

"अजून घट्ट करा मास्टर. फोटोत बारीक दिसली पाहिजे."

मुलगी अवघडून उभी. बाई तिच्या कानाशी जाऊन काहीतरी पुटपुटल्या. मुलगी खो-खो हसली आणि हुक ताडकन तुटून माझ्या मशीनवर येऊन पडला.

"अहो, परवा लग्न आहे हिचं!" ताई भडकल्या.

बाई त्यांना इंग्रजीत एवढंच म्हणाल्या, "माझ्या सगळ्या फोटोंत मी बारीक आहे. पण हसतेय अशी एकातही नाही."

मी खाली मान घालून मुलीने काढून दिलेल्या ब्लाउजची शिवण उसवायला बसलो. जरा वेळाने ताईंनी पिशवीतून स्वतःचा ब्लाउज काढला आणि हळूच माझ्यापुढे सरकवला.

"मास्टर, हाही थोडा सैल करा."