लिंबाखालचा दिवा

मामा-मामी गेल्याचं मला घरच्या कुणाकडून कळलं नाही. जळगाव जामोदला कचेरीत डबा उघडून बसलो होतो. शेजारच्यानं मोबाइल पुढे केला. गुप्तधनासाठी वृद्ध दाम्पत्याची हत्या, असं मोठ्या अक्षरांत, आणि मागे जानेफळच्या शिवारातलं, गावापासून लांबचं ते एकटं घर. अंगणातली मामीची तुळससुद्धा दिसत होती... डबा तसाच बंद केला.

गुप्तधन म्हणे! पिठलं-भाकरीपलीकडे त्या घरात काही नव्हतं. होता तो लिंबाखालचा एक दिवा. पाखऱ्या बैल थकला तरी मामानं त्याला बाजार दाखवला नाही. मेला तेव्हा लिंबाखाली पुरला. पोळ्याला तिथे पुरणपोळीचा नैवेद्य, आणि रोज दिवेलागणीला मामीची पणती. तेल काय वर आलंय का, म्हणून मी एकदा चिडवलं. मामा नुसता हसला. मामी म्हणाली, "जल्मभर आमच्यासाठी राबला तो. त्याच्यापाशी अंधार काऊन ठेवू?"

बैलासाठी कुणी तेल जाळतं, हे गावातल्या शहाण्यांना काही पटेना. दिवा आहे म्हणजे खाली हंडा असणार... पारावर बसून त्यांनी तो हंडा सोन्यानं भरला. मग त्यांच्यातलेच दोघे, मामीच्या हातची भाकरी खाल्लेले, तो मागायला गेले आणि दोन्ही म्हातारी माणसं मारून आले. मामीला विचारलं असतं तर तिनं सांगितलं असतं. पण विचारायला अक्कल लागते. त्या दोघांना पोलिसांनी धरलं; हंडा भरणारे अजून पारावरच आहेत.

ही मंडळी तेरवीला पोटभर जेवली. दुसऱ्या दिवशी सकाळी बघतो तर लिंबाखाली खड्डा, आणि कडेला फेकलेली पाखऱ्याची हाडं. जेवून हात धुतले आणि कुदळ घेऊन परत आले! असल्यांचा राग करणं म्हणजेसुद्धा त्यांना मान देणं आहे. हाडं परत ठेवली, माती ओढली. मामीची फार आठवण आली तेव्हा.

संध्याकाळी तिचीच पणती लावत होतो. शेजारच्या वावरातले आप्पा बांधावर थांबले, हलक्या आवाजात म्हणाले, "भाऊ, दिवा नको लावू. लोकं म्हणतीन, अजून काहीतरी हाय."

मी वात पुढे सारली आणि तेल जरा जास्तच घातलं.