खेळ काढला तरी फाईल राहते

कॉम्प्युटरमध्ये खेळ एका जागी असतो आणि आपण खेळत कुठवर आलो ते दुसऱ्याच जागी लिहिलेलं असतं, हे मला ठाऊक नव्हतं. ठाऊक असतं तर तो माणूस खेळ काढून टाकत होता तेव्हा मी ओट्याशी उभी राहून रडले नसते.

कॉम्प्युटर मुलीचा. तिचं लग्न होऊन ती कल्याणला गेली, तिकडे जावयांचा लॅपटॉप होता, म्हणून हा कोपर स्टेशनजवळच्या आमच्या घरी राहिला. मी सकाळी पोळीभाजी केंद्रात चपात्या लाटायला जाते. बाराला सुटते. आमचे हे कंपनीतून सातला येतात. मधली दुपार रिकामी. चाळीतल्या बायका दारात बसतात, पण चार जणींत बसलं की माझ्या तोंडून शब्द निघत नाही. चौथीतून शाळा सुटली तेव्हापासून मला असंच वाटतं, की बोलले तर चुकेल.

पहिल्यांदा मी तो नुसता पुसायला म्हणून चालू केला. मुलगी खेळायची त्या खेळातली बाई अजून तिथे होती. बर्फात उभी, हातात कुऱ्हाड, केस कापलेले. मुलगी खेळायची तेव्हा मी मागे बसून मेथी निवडायची, त्यामुळे कुठलं बटण दाबलं की ती चालते आणि कुठलं दाबलं की कुऱ्हाड उगारते ते मला माहीत होतं. मी दाबलं. ती चालली. झाडीतून एक माणूस आला, शिंगांचं टोपडं घातलेला, आणि त्याने एका घावात तिचं डोकं फोडलं. मी घाबरून बटणावरून हात काढला. पण ती थोड्या वेळाने पुन्हा उभी होती, मघाच्याच जागी.

ते मला फार बरं वाटलं. मेलेली बाई पुन्हा उभी राहते आणि तिला कोणी विचारत नाही की तू का मेलीस.

पंधरा दिवस मी रोज मेले. मग लाजत लाजत मुलीला फोन केला.

“ती तुझी बाई सारखी मरते गं.”

“कुठली बाई?” मग तिला कळलं. “आई! तू खेळतेस?”

“नाही गं, सहज चालू केला.”

“सहज म्हणे. अगं, तू कुऱ्हाडीकडे बघत असशील. कुऱ्हाडीकडे बघायचं नाही. खांद्याकडे बघ. मारायच्या आधी त्याचा खांदा मागे जातो. तेवढ्यात लांब बटण दाब, ती बाजूला होईल.”

तसं केलं आणि मी मरायची थांबले. मग मारायला लागले. खांदा मागे गेला की बाजूला, आणि त्याची पाठ समोर आली की घाव. बर्फ लाल व्हायचा. एकदा एक जण खाली पडल्यावरही मी त्याच्यावर घाव घालत राहिले, तो कधीच मेला होता, तरी घालत राहिले, बोट दुखायला लागेपर्यंत. मग चालू कॉम्प्युटरसमोरून उठून तोंड धुतलं. कोणाला वाटेल मला त्या माणसांच्या जागी ह्यांचा चेहरा दिसत होता. नव्हता. ते माझ्या अंगावर येत होते म्हणून मी त्यांना मारत होते, एवढंच.

हे मारतात ते पिऊन नाही. ह्यांना व्यसन नाही, त्यामुळे सासर-माहेर दोन्हीकडे ह्यांचं नाव चांगलं आहे. आमटीत मीठ जास्त झालं, लाईट बिलाचा कागद सापडला नाही, मी ऐकूनही गप्प राहिले, कशावरूनही. उघड्या पंजाने कानावर मारतात. डाव्या कानाने मला कमी ऐकू येतं, तेही नंतर “ऐकू येत नाही का” म्हणून मारण्याचं कारण झालं. लग्नानंतरच्या पहिल्या वर्षी मी हात वर करून तोंड झाकायचे. मग तेही सोडलं, कारण झाकलं की जास्त मारायचे.

त्या मंगळवारी डब्यातली भाजी आंबली म्हणून ते स्वयंपाकघरात आले. मी ओट्याला पाठ लावून उभी होते. त्यांचा उजवा खांदा मागे गेला. मी विचार केला नाही. अंगच बाजूला झालं. त्यांचा हात माझ्या कानाजवळून गेला आणि ओट्यावरच्या कडाप्प्याच्या फळीच्या धारेवर बसला. वाळलेली काटकी मोडावी तसा आवाज आला. ते खाली बसले. हाताचं हाड चामडीखाली उंच झालं होतं. मग ते म्हणाले, “रिक्षा आण.”

डॉक्टरांना त्यांनी सांगितलं, बाथरूममध्ये घसरलो. कोपरापर्यंत प्लास्टर घातलं. दीड महिना कामावर जायचं नव्हतं.

आता ते दिवसभर घरी. मी खेळणं बंद केलं. पण आठ दिवसांनी, बुधवारी, ते दुपारी केस कापायला खाली गेले, आणि मला राहवलं नाही. थोडा वेळच, म्हणून बसले. मागे ते कधी येऊन उभे राहिले कळलं नाही. समोरच्याचा खांदा मागे गेला, मी बाजूला झाले, त्याच्या मानेत कुऱ्हाड घातली.

“असं होय,” मागून आवाज आला. “इथं शिकलीस तू.”

माझ्याआधी त्यांना कळलं होतं. मला तोवर वाटत होतं की त्या दिवशी माझा पाय घसरला.

दुसऱ्या दिवशी त्यांनी स्टेशनजवळच्या दुकानातला कॉम्प्युटरवाला आणला. तो खुर्चीत बसला, त्याने चार-पाच वेळा टकटक केलं, एक हिरवी पट्टी भरत गेली.

“झालं काका. गेम निघाला.”

“मुळापासून?”

“मुळापासून. रविवारी मशीन घेऊन जातो, पूर्ण कोरं करतो, गिऱ्हाईक आहे माझ्याकडे.”

“चहा टाक गो,” हे म्हणाले. मी टाकला.

आता मला जे वाटत होतं ते लिहिते. मला वाटत होतं की ते बाजूला होणं त्या कॉम्प्युटरमध्ये आहे. मी इतके महिने जे शिकले ते सगळं तिथे साठलंय, आणि ते पुसलं की माझं अंग पुन्हा पहिल्यासारखं होईल, उभं राहून मार खाणारं. प्लास्टर निघायला अजून महिना होता. त्याआधी ते मला परत हवं होतं. दुसरं काहीच नको होतं.

शनिवारी दुपारी हे जेवून आतल्या खोलीत झोपले. मी कॉम्प्युटर चालू केला, मुलीला फोन लावला आणि उजव्या कानाला धरला.

“आई, एवढं हळू का बोलतेस?”

“हे झोपलेत. खेळ काढला गं त्यांनी. सगळा गेला.”

“थांब, रडू नकोस. गेम काढला, तुझा सेव्ह नसेल काढला. गेम राहतो एका फोल्डरमध्ये आणि सेव्ह दुसरीकडे. तू मराठीत सांग काय काय दिसतं ते, मी सांगते कुठे दाबायचं.”

आधी तिने मला खेळाच्या जागी नेलं. तिथे त्या नावाचं काही नव्हतं. मग दुसरीकडे, मुलीच्याच नावाच्या फोल्डरमध्ये. मला इंग्रजी अक्षरं एकेकटी ओळखता येतात, दुकानांच्या पाट्यांवरून शिकलेली. शब्द वाचता येत नाही.

“ए पासून सुरू होणारा आहे का? ए, पी, पी, डी?”

“नाही.”

“बरोबर. तो लपवलेला असतो. वर व्ह्यू लिहिलंय, व्ही, आय, ई. तिथे दाब. खाली शेवटी शो. त्यात हिडन, एच ने सुरू. त्याच्यावर टिक कर.”

मी केलं. आणि जिथे काही नव्हतं तिथे एक फोल्डर आला. बाकीच्यांसारखा पिवळा नव्हता, फिकट होता, धुऊन विटलेल्या ओढणीसारखा. तो पहिल्यापासून तिथेच होता.

“आला,” मी म्हटलं.

“आत जा. एल ने सुरू होणारा. मग आत खूप असतील, सावकाश बघ.”

खूप होते. मी एकेक अक्षर पुटपुटत खाली जात होते. तेवढ्यात मी तिला विचारलं, जे कधी विचारलं नव्हतं.

“तुला कोणी सांगितलं गं, खांद्याकडे बघायचं?”

“कोणी सांगायला पाहिजे का? मी आपल्याच घरात वाढले. बाबांचा उजवा जायचा. तुझा डावा.”

मी तिला मारायचे. लाटण्याने, कधी चिमट्याने, ह्यांनी मला मारलं की त्याच संध्याकाळी. ती सात-आठ वर्षांची असताना माझा हात उठायच्या आधी टेबलाखाली शिरायची आणि मला वाटायचं, काय हुशार कार्टी आहे. मला डाव्या हाताची सवय. शाळेत बाईंनी मोडली होती, मारताना परत यायची.

“मिळालं का?” ती म्हणाली. आवाजात काही नव्हतं. “एस, ए, व्ही?”

“मिळालं. आत आठ-दहा फाईली आहेत.”

“शेवटचीवर तारीख बघ.”

तारीख ह्याच बुधवारची होती, हे मागे येऊन उभे राहिले त्या दिवसाची. माझीच. ती म्हणाली, पेनड्राईव्ह लाव. पेनड्राईव्ह कपाटात होता, मी उठले, आणि कपाटाच्या आरशात हे दिसले.

किती वेळ ऐकत होते कोण जाणे. डाव्या हातात पाण्याचा तांब्या होता, झोपेतून उठून पाणी प्यायला आलेले.

“काढलेलं परत घालतेस? माझ्या घरात बसून मला मारायची प्रॅक्टिस करतेस?”

“अहो, फक्त फाईल...”

त्यांचा डावा खांदा मागे गेला. डाव्या हाताची त्यांना सवय नव्हती, तांब्या खूप लांबून आला, मी कधीच बाजूला झाले होते. तांब्या स्क्रीनच्या मधोमध बसला. काच फुटून आत काळा डाग पसरला, त्याच्या कडेने रंगीत रेघा. मग तेही गेलं. हे स्वतःच्या जोराने खुर्चीवर आदळले, प्लास्टर टेबलाच्या कडेवर आपटलं आणि ते एवढ्याने ओरडले की शेजारचं दार उघडल्याचा आवाज आला.

फोन जमिनीवर पडला होता. त्यातून मुलगी ओरडत होती, “आई! आई, लागलं का?”

मी फोन उचलला. “मला नाही लागलं. कॉम्प्युटरचा टीव्ही फुटला गं. सगळं गेलं आता.”

“टीव्ही फुटला ना? डबा फुटला का? खालचा डबा?”

“नाही.”

“मग काही गेलं नाही. फाईल डब्यात असते. ऐकतेस का? स्क्रीन म्हणजे नुसती खिडकी. डब्याला हात लागला नाहीये ना?”

हे खुर्चीवर हात पोटाशी धरून बसले होते. तोंडावर घाम, पण हसत होते. “घे. खेळ आता,” म्हणाले.

त्यांना वाटलं संपलं. मी टेबलाखाली वाकले. डब्याच्या मागच्या वायरी एकेक उपटल्या. डबा पोटाशी धरून उचलला. पिठाची गोणी उचलते, त्यापेक्षा हलका होता. पायात चपला घातल्या.

“कुठं चाललीस?”

इतकी वर्षं मार खाऊन मी एकदाही त्या दारातून बाहेर पडले नव्हते, आणि त्या दिवशीही मार खाऊन पडले नाही. फाईल घेऊन पडले. शेजारीण दारात होती. ती म्हणाली, “काय झालं गं?” मी म्हटलं, “मुलीकडे चालले.” वरून हे ओरडत होते. काय, ते जिन्यात घुमत होतं, कळलं नाही.

रिक्षा पत्रीपुलावर अडकली. रिक्षावाला आरशातून बघून म्हणाला, “मावशी, डबा खाली ठेवा की. मांड्या दुखतील.”

“असू दे.”

“बिघडलाय का?”

“नाही. चालू आहे.”

मुलीने दार उघडल्यावर आधी माझे कान बघितले, मग डबा घेतला. जावयांनी तो त्यांच्या टीव्हीला जोडला, आणि संध्याकाळच्या आत ती फाईल त्यांच्या लॅपटॉपमध्ये आली. मी दोनदा विचारलं, नक्की का? जावयांनी तारीख दाखवली. बुधवार. मग मी चहा प्यायले.

साडेसातला ह्यांचा फोन जावयांना आला. ते बाजूला गेले, पण घर लहान आणि ह्यांचा आवाज मोठा, फोनबाहेर ऐकू येतच होता.

“डबा परत पाठवून द्या. उद्या माणूस येणार आहे न्यायला. तिला राहू दे तिकडेच, मला डबा पाहिजे.”

जावई लाजून माझ्याकडे बघायला लागले. मी त्यांच्याशी फारसं बोलत नाही, ते समोर असले की पदर सावरून आत जाते. मी हात पुढे केला. त्यांनी फोन दिला.

“अहो,” मी म्हटलं, “डबा उद्या सकाळी पोचेल. माझं काढून घेतलंय.”

ते काही बोलायच्या आत मी फोन जावयांना परत दिला.

रविवारी जावई स्कूटरवर डबा पायांमध्ये ठेवून कोपरला देऊन आले. निघताना मला विचारलं, येता का, कपडे तरी आणायचे असतील. मी म्हटलं, कपडे मुलीचे होतात मला.