चार महिने नुसता सा

लायब्ररीतून आणलेली एक जुनी जपानी फिल्म बघितली आणि माझं डोकंच फिरलं. त्यात एक म्हातारा वादक शिष्येला वर्षानुवर्षं एकच सूर घोटायला लावतो, चुकली की मिटलेला पंखा बोटांवर हाणतो, आणि शेवटी तिला त्याच्याशिवाय जगताच येत नाही. बायको म्हणाली, "काय विकृत माणूस आहे!" मी म्हणालो, "ह्याला म्हणतात गुरू!"

आता मी कोण? आठवडाभर लंडनच्या सिटीतल्या बँकेत सॉफ्टवेअरमधल्या चुका शोधणारा, आणि रविवारी पिनर या उपनगरातल्या आमच्या फ्रंट रूममध्ये चार पोरांना पेटीवर भजनं शिकवणारा. गाण्याच्या दोन परीक्षा दिलेल्या, दुसरीत नापास. उथळ पाण्याला खळखळाट फार, दुसरं काय!

चौघांत एक तेरा वर्षांची मुलगी मात्र खरोखर सुरेल होती. तिला मी पट्टशिष्या नेमली. 'काका' बंद, 'गुरुजी' म्हणायचं. गाणी बंद, अगदी बाथरूममध्येसुद्धा. चार महिने नुसता सा. पंखा हाणायची छाती नव्हती, तिची आई सॉलिसिटर होती. म्हणून मी डोळे मिटून नाराजीने मान हलवायचो.

तिचे आजोबा नागपूरहून आले होते. इथल्या महाराष्ट्र मंडळाच्या दिवाळी कार्यक्रमात नातीला गाताना ऐकायचं, एवढीच त्यांची हौस. मी म्हणालो, "अजून कच्ची आहे." साफ खोटं! त्याच कार्यक्रमात मी गाणार होतो, आणि तिच्यानंतर मला कोण कुत्रं विचारणार होतं? जळत होतो मी तिच्यावर. शेवटी एकटा गायलो. लोक समोसे आणायला उठले.

परत जायच्या आदल्या दिवशी आजोबा क्लासला आले आणि कोट न काढताच सोफ्यावर बसले. "गुरुजी, उद्या निघतो. हिचं एक गाणं ऐकवता का हो?"

स्वतःच्याच मोठेपणानं मला भरून आलं. "गा बेटा. परवानगी आहे."

ती तिच्या लंडनी मराठीत म्हणाली, "पण गुरुजी, गाणं तर तुम्ही शिकवलाच नाही. आधीचा मी विसरली."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"मग येतं ते म्हण," आजोबा म्हणाले.

तिनं सा लावला. श्वास संपेपर्यंत ते डोळे मिटून ऐकत होते. मग रुमाल काढून मला म्हणाले, "हिच्या आजीचाच आवाज आहे हो. तिलाही मी कधी गाऊ दिलं नाही."