आमचे आवाज आमच्यासमोर पुसा

मी आठ वर्षांची असताना पहिल्यांदा कामावर गेले. काम रडण्याचं होतं. गोरेगावच्या एका डबिंग स्टुडिओत माझा मामा रेकॉर्डिस्ट होता. परदेशी कार्टून मालिकांना तिथे हिंदी आणि मराठी आवाज दिले जायचे. एका मालिकेतल्या हरवलेल्या मुलाला आवाज देणाऱ्या पोराचा आवाज ऐन मालिकेत फुटला आणि दुसरा मिळेना. मामा आईला म्हणाला, "हिला आण. घरी भोकाड पसरते तसं माइकपुढे पसरलं की झालं."

माइक माझ्या डोक्याच्या वर होता, म्हणून मला एका खोक्यावर उभं केलं. पडद्यावरच्या मुलाने तोंड उघडलं की मी उघडायचं, एवढंच सांगितलं होतं. तो हुंदक्याआधी श्वास घ्यायचा, तर मीही घेतला. काचेपलीकडून दिग्दर्शिका बाईंनी मामाला विचारलं, "श्वास घ्यायला हिला कोणी शिकवलं?" मामा म्हणाला, "जन्मल्यापासून घेतेय."

तिथून पुढे मी शाळा सुटली की स्टुडिओत असायची. मी कितीतरी मुलगे झाले, एक पोपट झाले, राजकन्या तर मोजल्याच नाहीत. पडद्यावर ओठ मिटले की प, ब, म यांच्यातलं एखादं अक्षर लागतं, नाहीतर वाक्य तोंडावर चिकटवल्यासारखं दिसतं. 'चल' च्या जागी 'पळ' केलं की जमून जातं, हे मला गणितातल्या अपूर्णांकांच्या आधी कळलं होतं. मालिकेच्या शेवटी आमची नावं कधीच येत नसत. वर्गातल्या मुली म्हणायच्या, "कशावरून तूच?" मग मी मधल्या सुट्टीत त्या मुलासारखी रडून दाखवायची.

लग्नानंतर नवऱ्याच्या कंपनीने त्याला न्यू जर्सीला पाठवलं आणि आम्ही वेस्ट विंडसरला आलो. माझ्या व्हिसावर मला काम करायची परवानगी नव्हती. पॉटलकला, म्हणजे प्रत्येकीने एकेक पदार्थ आणायच्या जेवणाला, कुणीतरी काकू विचारायच्या, "तू काय करायचीस तिकडे?" मी सांगितलं की म्हणायच्या, "अय्या, कार्टून?" आणि माझ्या ताटात पुलाव वाढायच्या. बरीच वर्षं मी माझं काम भूतकाळात सांगितलं. मग एकदाची परवानगी आली. मी कोटांच्या कपाटात माइक लावला, कारण लोकरीचे जाड कोट आवाज छान शोषून घेतात, आणि ऑडिशन पाठवायला लागले.

पहिल्याच मोठ्या कामात दिग्दर्शक फोनवर म्हणाला, "थोडं आणखी इंडियन करता येईल?" काम इंग्रजीत होतं, एका डॉक्टरचं.

मी म्हटलं, "मी इंडियनच आहे. अशीच बोलते."

"हो, पण लोकांना ओळखू आलं पाहिजे." मग त्यानेच मान डोलावत असावा अशा सुरात डॉक्टरचं एक वाक्य म्हणून दाखवलं.

मी म्हटलं, "तुम्हाला छान जमतंय. तुम्हीच करा." आणि फोन ठेवला.

संध्याकाळी नवरा म्हणाला, "एकदा करून टाकायचं ना यार. कुणाला कळणार होतं?"

"मला," मी म्हटलं. वाईट माणूस नाही तो. त्याच्या ऑफिसात त्याने स्वतःचं नाव कापून दोन अक्षरांचं करून घेतलं होतं, त्यामुळे त्याला हे सगळं फार लहानसं वाटलं असणार.

सिन्योरा मला भेटल्या त्या पिस्कॅटवेजवळच्या एका स्टुडिओत. मुलांना गोष्टी सांगणारं एक ॲप निघणार होतं, आणि बऱ्याच भाषांतले आवाज त्यांनी निवडले होते. मराठीसाठी मी, इटालियनसाठी त्या. सत्तरी ओलांडलेली ठेंगणी बाई, ओठांवर गडद लिपस्टिक, मांडीवर मोठी पर्स. नवरा गेल्यावर मुलाने त्यांना रोमहून प्रिन्स्टन जंक्शनला आणलं होतं. सिन्योरा म्हणजे इटालियनमध्ये बाईसाहेब. मी त्यांना तेच म्हणायला लागले.

मी किती वर्षांपासून हे काम करते, असं त्यांनी विचारलं. आठव्या वर्षापासून, मी म्हटलं.

"उशीर केलास," त्या म्हणाल्या. त्या स्वतः पाचव्या वर्षी लागल्या होत्या. आई स्टुडिओत टायपिस्ट होती आणि एका अमेरिकन सिनेमातल्या मुलीला ताप आला होता, म्हणजे पडद्यावर. तापातलं कण्हणं कोणाला जमेना. यांनी ते केलं आणि मग शाळेपेक्षा त्या काळोख्या खोलीतच वाढल्या. मुली केल्या, मग तरुण बायका, आणि मग एका अमेरिकन नटीचा इटालियन आवाज त्या झाल्या, ते थेट ती म्हातारी होईपर्यंत. इटलीत एका नटीला एकच आवाज, असा रिवाज. त्या नटीची सिनेमातली लग्नं, बाळंतपणं, वैधव्य, सगळं यांनी केलं. भाजीवाला यांचा चेहरा ओळखत नसे, पण यांनी टोमॅटो मागितले की वर बघायचा.

"इथे आल्यावर मी तिचा खरा आवाज टीव्हीवर ऐकला," त्या म्हणाल्या. "बरा आहे. पण तिला रडता येत नाही."

मी हसले. त्या हसल्या नाहीत. ते त्यांचं धंद्यातलं मत होतं.

तेवढ्यात तिथला मॅनेजर आला. तिशीतला, नम्र मुलगा. त्याने आम्हाला रेकॉर्डिंगच्या खोलीत नेऊन काम समजावलं. थोडे दिवस आम्ही वाक्यं वाचायची, नुसती सुटी वाक्यं. त्यावरून मशीन आमचा आवाज शिकणार आणि पुढच्या सगळ्या गोष्टी तेच सांगणार. आम्हाला परत यायची गरजच पडणार नाही. हे सांगताना त्याचा चेहरा खुलला होता, जणू आमची मोठी दगदग वाचवली.

"आणि बघा," तो म्हणाला, "तुमच्या ऑडिशनवरून आम्ही आधीच एक नमुना बनवलाय." त्याने बटण दाबलं.

माझ्या आवाजात कोणीतरी मराठीत गोष्ट सांगायला लागलं. मी ती गोष्ट कधीच सांगितली नव्हती. आवाज माझाच होता, माझी किंचित घोगरी सुरुवातसुद्धा होती, पण ती बाई 'बाळ' ला 'बाल' म्हणत होती. मग त्याने सिन्योरांचा लावला. त्या डोळे मिटून शेवटपर्यंत ऐकत राहिल्या.

"ही श्वास घेत नाही," त्या म्हणाल्या. "ही बाई मेलेली आहे." मग डोळे उघडून त्याला विचारलं, "तुम्ही मला विचारलं होतं?"

"हा फक्त नमुना आहे. बाहेर जाणार नाही."

"पुसा."

"मी वर बोलतो आणि मग..."

"आत्ता. माझ्यासमोर पुसा."

तो काहीतरी टेक्नॉलॉजीचं सांगायला लागला. सिन्योरा उठल्या, शेजारच्या काचेच्या बूथमध्ये गेल्या, माइकपुढच्या खुर्चीवर बसल्या आणि पर्स मांडीवर घेतली. माइक चालू होता. बाहेरच्या स्पीकरमधून त्यांचा आवाज आला, "पुसून झालं की सांगा. मी इथे आहे."

"सिन्योरा, या बूथमध्ये दुसरं रेकॉर्डिंग आहे," तो उघड्या दारातून म्हणाला.

"मग घाई करा."

"मला सिक्युरिटीला बोलवावं लागेल."

"बोलवा. मी पाच वर्षांची असल्यापासून असल्या खोल्यांत बसतेय. मला घरच्यासारखं वाटतं."

त्याने माझ्याकडे पाहिलं. मी समजूतदार वाटले असणार. मी बूथच्या दाराशी उभी होते आणि मनात ग्रीन कार्डचा अर्ज होता. आमच्यासारख्यांना इथे पोलीस या शब्दाचीच धास्ती असते. लाल सिग्नलला मागचा हॉर्न वाजवत असला तरी आम्ही थांबून राहतो. नवऱ्याचं एक ठरलेलं वाक्य आहे, "आपण कशात पडायचं नाही." ते मला त्या क्षणी त्याच्याच आवाजात ऐकू आलं. मग ती 'बाल' म्हणणारी बाई आठवली. उद्या कुठल्याशा घरात एखादं मूल तिच्याकडून मराठी शिकणार होतं, माझ्या गळ्यातून.

मी आत गेले आणि दार लावून घेतलं. दुसरी खुर्ची नव्हती, म्हणून खाली कार्पेटवर मांडी घालून बसले.

"माझाही," मी माइककडे तोंड करून म्हटलं.

सिन्योरांनी पर्समधून गोळ्यांची डबी काढली आणि मला एक खडीसाखरेसारखी गोळी दिली. घशासाठी. बाहेर मॅनेजर फोनवर बोलत येरझारा घालत होता. त्याचा आवाज आत येत नव्हता, पण आमचा शब्दन् शब्द त्याच्या स्पीकरवर जात होता, आणि सिन्योरांना ते पक्कं माहीत होतं. त्यांनी निवांतपणे सांगितलं की नवरा वारला त्या महिन्यात त्यांचा आवाज बसला होता. स्टुडिओने ठरवलं, नटीला दुसरा आवाज देऊ. नवी मुलगी आणलीसुद्धा. सिन्योरा घशाला मफलर गुंडाळून तिथे गेल्या आणि म्हणाल्या, या सिनेमात नटीचा नवरा मरतो ना? मग त्या मुलीला काय कळणार? आवाज बसलेलाच ठेवा.

"मग?" मी विचारलं.

"मग काय. त्यांनी माझ्याकडून ते काम करून घेतलं. लोक थिएटरमध्ये रडले." आणि मला म्हणाल्या, "आता तू काहीतरी कर. ते ऐकताहेत."

मी मधल्या सुट्टीतला तो मुलगा केला. इतक्या वर्षांनी. हुंदक्याआधीचा श्वास घेतला आणि मराठीत आईला हाक मारत रडले. बाहेर मॅनेजर चालता चालता थांबला. सिन्योरांनी मान हलवली आणि म्हणाल्या, "शेवटचा हुंदका लांबला. बाकी ठीक."

बऱ्याच वेळाने एक वरिष्ठ बाई आल्या. सिक्युरिटी आली नाही. सत्तरीच्या बाईला बूथमधून उचलून काढायला कोणी तयार झालं नसावं. त्या बाईंनी कॉम्प्युटरचा स्क्रीन काचेकडे वळवला, आमच्या नावाच्या फायली दाखवल्या आणि पुसल्या.

"कचऱ्याच्या डब्यातूनही," सिन्योरा म्हणाल्या.

बाईंनी तोही रिकामा केला. दुसरीकडे कुठेही प्रत नाही, असा मेल त्यांनी आमच्यासमोर लिहून पाठवला. तो माझ्या फोनवर वाजला तेव्हाच सिन्योरा उठल्या. जाताना त्या मॅनेजरला म्हणाल्या, "तू चांगला मुलगा आहेस. दुसरं काम बघ."

काम अर्थातच गेलं. घरी सांगितलं तेव्हा नवरा आधी चिडला, मग बराच वेळ सिंकमधली भांडी घासत राहिला. शेवटी हात पुसत म्हणाला, "सिक्युरिटी आली असती तर मला कॉल केला असतास ना?"

"नक्की केला असता."

"मग ठीक आहे."

पुढे ते ॲप निघालं. त्यात मराठी आवाज मशीनचाच आहे, दुसऱ्याच कुणाच्या तरी गळ्यावरून बनवलेला. अल्फारेटाला राहणाऱ्या एका मैत्रिणीने फोनवर लावून दाखवला आणि म्हणाली, "अगं, मुलांना चालतंय की. एवढा कशाला इश्यू केलास?" मी तिला म्हटलं की मुलांना काहीही चालतं, म्हणून तर मोठ्या माणसांनी नाही म्हणायचं असतं. ती थोडी दुखावली. मला त्याचं वाईट वाटलं, पण वाक्य मी मागे घेतलं नाही.

आता प्रत्येक ऑडिशनसोबत मी एक ओळ पाठवते: या आवाजावरून मशीनचा आवाज बनवायचा नाही. काही स्टुडिओ पुन्हा उत्तरच देत नाहीत. काही जण देतात, आणि त्यांच्याकडे मी काम करते. मध्यंतरी एका माहितीपटात निवेदन केलं, माझ्या नेहमीच्या इंग्रजीत. शेवटी पडद्यावर माझं नाव आलं, स्पेलिंग चुकवून. मी फोन करून ते दुरुस्त करून घेतलं.

सिन्योरा सध्या रोममध्ये आहेत. तिथल्या एका दिग्दर्शकाने त्यांना प्रिन्स्टन जंक्शनला घरी बसून रेकॉर्ड करा म्हटलं होतं. सिन्योरांनी उलट मुलाकडून रोमचं तिकीट काढून घेतलं. परवा फोन आला. काम एका आजारी म्हातारीचं आहे, पाचव्या मिनिटाला मरणारी.

"मी त्यांना सांगितलं," त्या म्हणाल्या, "करते. पण मरायला मला किती वेळ लागेल ते मी ठरवणार."

"मग काय म्हणाले?"

"विचार करताहेत," सिन्योरा म्हणाल्या. "करू देत. मी हॉटेलातून हलणार नाहीये."